गळाला लागलेलं नाव

नावांचे अर्थ सांगणाऱ्या लोकांबद्दल मावशीचं एक मत होतं, आणि कुणी विचारलं नाही तरी ती ते सांगायची. तिचं म्हणणं असं, की औषधाच्या बाटलीवर खोटं लिहिलं तर माणूस तुरुंगात जातो, दुधात पाणी घातलं तर दंड होतो, पण पोराच्या नावाचा वाट्टेल तो अर्थ छापला तर तीन आवृत्त्या निघतात.

हे ती अधिकाराने बोलायची, कारण नऊ वर्षं ती हेच निस्तरत होती. एका जुन्या प्रकाशन संस्थेत ती तपासनीस होती. संस्था कोश छापायची, शाळेची पुस्तकं छापायची, आणि दर दोन वर्षांनी मुलांच्या नावांचं एक जाडजूड पुस्तक काढायची. सहा हजार नावं, प्रत्येकापुढे भाषा, मूळ आणि अर्थ. मुखपृष्ठावर लाल गोल शिक्का: 'प्रत्येक अर्थ तपासलेला'. हा शिक्का म्हणजे मावशी. एकेका नावासाठी ती चार-चार कोश उघडून बसायची. पुरावा सापडला तर टिंब, नाही सापडला तर काट. ऑफिसात तिच्यामागे तिला शंकाबाई म्हणत. तिला ते ठाऊक होतं आणि खरं सांगायचं तर आवडतही होतं.

तर अशा मावशीला त्या रविवारी सकाळी भाचीने घरी बोलावलं आणि नऊ नावांचा कागद तिच्यापुढे ठेवला.

भाची म्हणजे तिच्या धाकट्या बहिणीची मुलगी. बहीण गेली तेव्हा पोर अकरा वर्षांची होती. तेव्हापासून मावशीने तिला वाढवलं, शिकवलं आणि उठता-बसता सुधारलं. आता भाची नवऱ्याबरोबर दोन गल्ल्या सोडून तिसऱ्या मजल्यावर राहत होती, आणि तिच्या मांडीवर तीन आठवड्यांची मुलगी होती. मुलीला अजून नाव नव्हतं. बाप तिला बोचकं म्हणायचा. नोंदणी कचेरीत नाव द्यायची मुदत शुक्रवारी संपत होती.

"मावशी, तू फक्त तपास," भाची म्हणाली. "चिडू नकोस."

"मी कशाला चिडू," मावशी म्हणाली, आणि पहिल्याच नावाला चिडली.

नावापुढे भाचीने मोबाइलवरून जसंच्या तसं उतरवून घेतलं होतं: मूळ, प्राचीन. अर्थ, तेजस्वी.

"प्राचीन ही कुठली भाषा गं? कुठे बोलतात? प्राचीनमध्ये पाण्याला काय म्हणतात?"

ओट्यापाशी भांडी घासणारा जावई हसला. भाचीने त्याच्याकडे एक नजर टाकली तसा तो पुन्हा भांड्यांकडे वळला.

दुसऱ्या नावाचे चार अर्थ होते: चंद्राची मुलगी, यशस्वी, देवाची देणगी आणि शांत स्वभावाची. "तीन अक्षरांत एवढं सामान," मावशी म्हणाली. "ट्रकमध्येसुद्धा मावणार नाही." तिसरं नाव तिने वाचलं आणि चष्मा काढून डोळे पुसले. "हे फरशी पुसायच्या औषधाचं नाव आहे. कंपनीने काढलेलं. आमच्या ऑफिसच्या मोरीत बाटली आहे, येऊन बघ. आणि इथे काय लिहिलंय, तर स्वर्गातली सुगंधी वेल." चौथं नाव निदान खरा शब्द तरी निघाला. यादीत त्याचा अर्थ राजकन्या होता. कोशात त्याचा अर्थ बैलाच्या गळ्यातला जाड दोर असा होता, हे मावशीला पाठ होतं, कारण त्याच दोराने मागच्या आवृत्तीत तिचा आठवडा खाल्ला होता.

मग तिचा आवाज चढत गेला. ही माणसं मोजून चार अर्थ ठेवतात, ती म्हणाली. प्रकाश, देणगी, राजकन्या आणि यश. आलेल्या नावाला हाताला लागेल तो डकवायचा. कुणी विचारणारं नाही, कुणी कान धरणारं नाही. माणसं पडद्याचं कापड घेताना बोटांत चोळून बघतात, उजेडात धरतात, धुतल्यावर आटेल का विचारतात. जन्मभर अंगावर राहणारं नाव मात्र उचललं की घातलं. नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा म्हणतात. इथे तर सोनूबाईचाच पत्ता नाही.

आठव्या नावावर काट बसली तेव्हा भाचीचा चेहरा उतरला होता. पण ती हरलेली दिसत नव्हती. कागदाच्या तळाशी तिने तळहात ठेवला होता आणि नववं नाव त्याखाली झाकलेलं होतं.

"ती आठ तुझ्यासाठी होती," ती म्हणाली. "तुझी काटाकाटीची हौस भागावी म्हणून. हे नाव मला ठेवायचंच आहे. आणि मावशी, हे मी एका ठिकाणी नाही, अकरा ठिकाणी बघितलंय. अकराही ठिकाणी अर्थ तोच. एवढं तरी खरं असणार ना?"

तिने हात काढला. कागदावर लिहिलं होतं: नेविरा. जिच्यासाठी दार उघडं ठेवलं आहे, ती.

"पहिलं गेलं ना आमचं, पाचव्या महिन्यात," भाची हळू बोलायला लागली. "त्यानंतर दोन वर्षं आम्ही काय करत होतो? दार उघडं ठेवूनच बसलो होतो. हे वाचलं आणि मी रडले. ह्याला विचार."

जावयाने नळ बंद केला आणि मान हलवली.

मावशीच्या हातातली पेन्सिल कागदावर टेकलेली होती, पण हलत नव्हती. नऊ वर्षांत पहिल्यांदा तिला एका नावाचा सगळा इतिहास कोश न उघडता ठाऊक होता. हे नाव कुठल्या टेबलावर जन्मलं, कुठल्या वारी, कुणाच्या हातून, सगळं. कारण ते तिने स्वतः रचलं होतं.

"तपासावं लागेल," ती म्हणाली. "दोन दिवसांत सांगते."

* * *

आता हे गळ प्रकरण सांगायला हवं, नाहीतर मावशीवर अन्याय होईल. तिने केलं ते झाकायचं म्हणून नव्हे. तशी काही सूट तिला द्यायची नाही.

कोश आणि नावांची पुस्तकं छापणाऱ्यांना एक दुखणं असतं. तुम्ही वर्षं घालवून सहा हजार नावं जमवता, आणि शेजारच्या गल्लीतला दुसरा प्रकाशक ती रातोरात उचलतो, कव्हर बदलतो आणि तुमच्याआधी बाजारात आणतो. कोर्टात गेलं तर तो म्हणणार, नावं काय कुणाच्या बापाची आहेत? म्हणून या धंद्यात जुनी चाल आहे. सहा हजार खऱ्या नावांत चार-पाच नावं साफ बनावट घालायची. जगात कुठेही नसलेली, ऑफिसात बसून बनवलेली. दुसऱ्याच्या पुस्तकात ती दिसली की चोर मुद्देमालासकट सापडला. यालाच ऑफिसात गळ टाकणं म्हणत.

सात वर्षांपूर्वी मालकांनी सगळ्यांना एकेक गळ बनवायला सांगितलं. हिशेबनिसाने जे नाव बनवलं ते उच्चारताना दात दुखायचे. छपाईची अक्षरं जुळवणाऱ्या जुळारीकाकांनी बनवलेलं नाव रेड्याला हाक मारायला बरं होतं. मालकांनी स्वतः बनवलेलं नाव तर छापताना अक्षरं पुरेनात. यात कुणाचं काही बिघडणार नव्हतं, कारण असली नावं शत्रूच्या पोरालाही कुणी ठेवणार नाही.

मावशीला असं गचाळ काम करता येत नव्हतं. हाच तिचा दोष. चार दिवस ती त्या एका नावावर बसली. जिभेवर अडकू नये, हाक मारताना शेवट मोकळा सुटावा, असं नाव तिने घडवलं. मूळ म्हणून एक लुप्त झालेली डोंगरी बोली शोधून काढली, म्हणजे मनातून काढली. त्या बोलीत दार आणि वाट यांना एकच शब्द होता अशी बारीक अक्षरात टीपही जोडली. आणि पुढे तो अर्थ लिहिला. अर्थ कुठून सुचला, हे तिने तेव्हा स्वतःला विचारलं नाही. सुचला आणि लिहिला. मालक म्हणाले, "बाई, हे तर खऱ्यापेक्षा खरं वाटतंय." ती खूश झाली होती.

बाकीचे गळ तळाशी पडून गंजले. हिचा मात्र पोहत राहिला.

सोमवारी सकाळी तिने ऑफिसच्या संगणकावर ती अकरा ठिकाणं एकेक करून उघडली. वाचता वाचता तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. चोरी केली ती केली, वर प्रत्येकाने पदरचा मीठमसाला लावला होता. एकाने लिहिलं होतं की या डोंगरातल्या बायका अजून हे नाव गाण्यात घेतात. कुठल्या डोंगरातल्या? डोंगरच नाही. दुसऱ्याने नावाचा शुभ रंग आणि शुभ अंक दिला होता. तिसऱ्याने या नावाच्या मुली स्वभावाने क्षमाशील असतात असं छातीठोक सांगितलं होतं. आणि एका महाभागाने तर खाली टीप दिली होती: 'तज्ज्ञांकडून पडताळणी केलेले'.

"कोण हा तज्ज्ञ?" मावशी संगणकाला म्हणाली. "कुठे बसतो? समोर आणा त्याला."

पलीकडच्या टेबलावरून जुळारीकाकांनी मान वर केली आणि पुन्हा खाली घातली. आणि मावशीच्या लक्षात आलं की त्यांच्या टेबलावर यंदाच्या आवृत्तीचं मुखपृष्ठ पडलंय, लाल शिक्क्यासकट. दुसऱ्याच्या डोळ्यातलं कुसळ काढायला नऊ वर्षं पगार घेतला, आणि आपल्या डोळ्यातलं मुसळ आपणच रंगवून पुस्तकात उभं केलं. तो तज्ज्ञ समोर आणायची गरज नव्हती. तो खुर्चीतच बसला होता.

* * *

मालकांना तिने सापडलेल्या चोऱ्या सांगितल्या. अकरा हा आकडा ऐकून मालक खुर्चीतून अर्धे उठले.

"अकरा? एका गळाला अकरा मासे? बाई, तुमच्या तोंडात साखर पडो." त्यांनी लगेच वकिलाला फोन लावला, काय काय लागेल ते विचारलं, आणि अर्ध्या तासात एक जबाब टाइप होऊन मावशीच्या पुढ्यात आला. 'सदर नाव आमच्या संस्थेने चोरी पकडण्याच्या हेतूने मुद्दाम रचलेले असून त्यास कोणत्याही भाषेत कसलाही अर्थ नाही.' खाली सहीची जागा.

"आणि ज्यांनी हे नाव मुलींना ठेवलं, त्यांचं काय?" मावशीने विचारलं.

"असलं नाव कोण ठेवतंय?"

"माझी भाची. या शुक्रवारी."

मालक वाईट माणूस नव्हते, फक्त घाईत होते. "मग तिला म्हणावं दुसरं ठेव," ते म्हणाले. "आपल्याकडे सहा हजार आहेत."

भाजीवाल्याने एक वांगं किडकं निघालं तर दुसरं घ्या म्हणावं, तसं ते म्हणाले. मावशीने जबाबाचा कागद ओढून घेतला आणि आयुष्यभर दुसऱ्यांच्या कागदांवर केलं तेच केलं. तो तपासला. 'कसलाही अर्थ नाही' या शब्दांनंतर खूण करून समासात बारीक, स्वच्छ अक्षरात तिने भर घातली: 'ते ज्या पुस्तकात छापले त्याच्या मुखपृष्ठावर प्रत्येक अर्थ तपासलेला आहे असा शिक्का मारून संस्थेने ते तीस हजार कुटुंबांना विकले. हे खोटे आहे हे संस्थेस व मला सात वर्षे माहीत होते.' आणि खाली सही केली.

मालकांनी वाचलं. त्यांचा चेहरा हळूहळू बदलला.

"हे कोर्टात गेलं तर चोर राहतील बाजूला आणि आपणच आत जाऊ."

"खोटं आहे का यातलं काही?"

"खरं-खोट्याचा प्रश्न नाही, बाई."

"नऊ वर्षं तुम्ही मला त्याच प्रश्नाचा पगार देताय, साहेब."

मालक उठले, खोलीचं दार लावलं आणि परत येऊन बसले. आता ते घाईत नव्हते. "हे बघा," ते म्हणाले, "झाकली मूठ सव्वा लाखाची. खटला नको, वकील नको, मी हा कागद फाडतो. तुमच्या भाचीला आवडलंय ना नाव? ठेवू द्या की. गोड नाव आहे. अर्थही चांगला आहे. ती खूश, तुम्ही खूश. तुमच्या-माझ्याशिवाय जगात कुणाला कळणार आहे?"

हे मात्र खरं होतं. जुळारीकाकांना आदल्या वर्षीचं काम आठवत नसे, हिशेबनीस नोकरी सोडून गेला होता. अकरा चोर शपथेवर अर्थ सांगायला तयार होते, रंग आणि अंकासकट. मावशी मूग गिळून बसली तर नेविरा हे नाव कायमचं खरं होणार होतं.

"पुढच्या आवृत्तीतून ते नाव काढा," ती म्हणाली. "आणि शिक्काही काढा."

"शिक्का काढून पुस्तक विकायचं कसं?"

"मग शिक्क्यामागे उद्यापासून दुसरं कुणीतरी बसवा," मावशी म्हणाली, आणि टेबलावरचा आपला चष्मा उचलून बाहेर आली. जिना उतरताना तिला आधी प्रचंड बरं वाटलं. रस्त्यावर आल्यावर वाटलं की हे सोपं होतं. मालकांवर चिडायला कधीच काही लागत नाही.

* * *

भाचीच्या घराच्या जिन्यात मावशी दोन वेळा थांबली. गुडघे दुखत होते हे खरं, पण फक्त गुडघे नव्हते. पहिल्या मजल्यावर तिच्या मनात आलं की बाळंतीण आहे, तिला आत्ता कशाला दुखवायचं. दुसऱ्या मजल्यावर आलं की आनंदाला पुरावा कशाला लागतो. हे असलं वाक्य दुसऱ्या कुणी लिहिलं असतं तर तिने समासात प्रश्नचिन्ह काढलं असतं. तिला स्वतःचाच राग आला आणि त्या रागात ती तिसरा मजला चढून गेली.

घरात खिडकीखाली पाळणा होता आणि त्यात बोचकं झोपलेलं. जावई कामाला गेला होता. भाची लहान लहान दुपट्यांच्या घड्या घालत होती. मावशीला अवेळी दारात बघून तिने घडी तशीच ठेवली.

"सापडलं?"

"सापडलं," मावशी म्हणाली. बसली नाही. "ती बोली नाही. तो डोंगर नाही. त्या नावाला मूळ नाही. सात वर्षांपूर्वी मी ते ऑफिसात बसून बनवलं, चोर पकडायला. आमच्या पुस्तकातून ते तीस हजार घरांत गेलं. बाकीच्या अकरांनी माझं चोरलं. म्हणून अकराही ठिकाणी अर्थ सारखा आहे."

खाली रस्त्यावर कुणीतरी गाडी मागे घेत होतं, त्याचं टूं टूं ऐकू येत होतं. भाची बोलली, बाळ उठू नये म्हणून दबक्या आवाजात, आणि त्या दबक्या आवाजामुळे तो राग जास्तच लागत होता.

"काल तू तासभर इथे बसून माझी आठ नावं खोडलीस. प्रत्येकावर भाषण दिलंस. ह्याच्यासमोर माझी अक्कल काढलीस. सोनूबाई म्हणालीस. आणि नववं तुझं स्वतःचं होतं."

"हो."

"तेव्हाच का नाही बोललीस?"

"धीर झाला नाही."

"तुला," भाची म्हणाली. "तुला धीर झाला नाही. शाळेतल्या बाईंच्या फळ्यावरची चूक सांगायला तुला धीर होता. डॉक्टरांच्या चिठ्ठीतली चूक सांगायला होता. ह्याने मला लग्नाआधी पत्र लिहिलं होतं, ते माझ्या कपाटातून काढून त्यातल्या चुका पेन्सिलीने सुधारून परत ठेवायला होता."

ते पत्र मावशी विसरली नव्हती. विसरण्यासारखं ते नव्हतंच. भाची तेव्हा एकोणीस वर्षांची होती. पत्र बघून ती एक शब्द न बोलता पिशवी भरून निघून गेली होती, मैत्रिणीच्या खोलीवर. तीन महिने आली नाही, फोन घेतला नाही. परत आली तेव्हा दोघींनी त्याबद्दल एक अक्षर काढलं नाही. मावशीने ताट वाढलं, भाची जेवली, आणि तिथून पुढे सगळं जणू सुरळीत चालू झालं.

"मी पोरीच्या कानात म्हणून दाखवलंय ते नाव," भाची म्हणाली. आता तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती ते पुसत नव्हती. "तिला सांगितलं, तुझ्यासाठी दार उघडं ठेवलं होतं म्हणून. आणि ते काय निघालं, तर चोर पकडायची युक्ती. एवढे शब्द आहेत तुझ्याकडे, मावशी. काहीही लिहायचं होतंस. प्रकाश लिहायचंस, देणगी लिहायचंस, सगळे लिहितात तसं. हेच का लिहिलंस?"

तपासनिसाला विचारलेला हा साधा प्रश्न होता: अर्थ कुठून आला? सात वर्षांत मावशीला तो कुणी विचारला नव्हता, तिने स्वतःलाही नाही. तिने मनात पुस्तकाची ती आवृत्ती शोधली, साल काढलं, महिना काढला. तो सापडला तेव्हा ती पाळण्याशेजारच्या स्टुलावर बसली.

"तू गेली होतीस," ती म्हणाली. "त्या तीन महिन्यांतलं काम आहे ते. दुसऱ्या महिन्यातलं."

भाचीने अर्धवट घडीचं दुपटं पुन्हा उचललं.

"मी कडी लावत नव्हते. शेजारच्या आजी ओरडायच्या, एकटी बाई आणि दार उघडं टाकून झोपते, कुणी शिरलं तर. मी म्हणायचे कडी मोडलीय. मोडली नव्हती. तू अवेळी आलीस आणि दार वाजवायची तुला लाज वाटली तर, असं वाटायचं. दिवसभर ऑफिसात नावं तपासायची आणि घरी येऊन दाराकडे बघत बसायचं. मालकांनी नाव बनवा म्हटलं. मी बनवलं. अर्थ लिहिताना मी काही विचार केला नाही. जे होतं ते लिहिलं असणार."

बोचकं झोपेत कुरकुरलं. दोघींनी एकदमच पाळण्याला हात लावला आणि भाचीने आपला हात काढून घेतला.

मावशीला वाटलं होतं, हे ऐकून ती निवळेल. खोटं कशाला बोला, तशी आशा तिने केली होती. पण भाचीचा चेहरा आणखी लाल झाला.

"आणि हे तू पुस्तकात छापलंस," ती म्हणाली. "मी परत आले त्या दिवशी तू मला काय म्हणालीस, आठवतंय? हात धू म्हणालीस. मी सात वर्षं समजत होते की मी गेल्याने तुला काही फरक पडला नाही. मी आले काय, न आले काय. आणि तू तीस हजार परक्या लोकांना सांगून बसली होतीस. ते पण स्वतःच्या नावावर नाही. कुठल्यातरी डोंगरातल्या लोकांवर ढकलून, ज्यांना तू जन्मालाही घातलं नव्हतंस नीट."

आक्षेप बरोबर होता. भाषा चुकीची दिली होती, मूळ चुकीचं दिलं होतं, आणि ज्या माणसाला सांगायचं त्याला सोडून बाकी सगळ्यांना सांगितलं होतं.

"चुकलं माझं," ती म्हणाली.

"चुकलंच." भाचीने आता कुठे पदराने डोळे कोरडे केले. "नाव ठेवायचं की नाही ते शुक्रवारपर्यंत मी आणि हा ठरवू. त्यात तू पडायचं नाहीस. पण ठेवलं, तर पुढे ती विचारेल, माझ्या नावाचा अर्थ काय. तेव्हा तिला तू सांगायचंस. सगळं. पत्रासकट, पेन्सिलीसकट. डोंगरबिंगर मध्ये आणायचा नाही."

"सांगेन."

"तुला जमणार नाही."

"जमेल."

"मग आधी मला सांग," भाची म्हणाली. "आत्ता. पुस्तकातलं वाक्य नको. तुझं सांग."

मावशीने चष्मा काढला. सहा हजार नावांचे अर्थ तिने एका ओळीत बसवले होते. हे बसेना. तिने दोनदा सुरुवात केली आणि दोनदा मोडली. भाची मदतीला आली नाही. तिने मावशीचं अडकलेलं एकही अक्षर तिच्या वतीने पुरं केलं नाही.

"मी वाट बघत होते तुझी," मावशी शेवटी म्हणाली. "रोज. तू यावंस म्हणून. मला तुझ्याशिवाय करमत नव्हतं गं, आणि मला ते बोलता येत नव्हतं."

भाची अजून चिडलेलीच होती. ते तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं आणि ते लपवायचा तिने प्रयत्न केला नाही. तिने हातातलं दुपटं खाली ठेवलं, मावशीच्या समोर जमिनीवर बसली आणि म्हणाली, "सात वर्षं लावलीस."